छावणीतील संसार : प्रस्तावना

निर्वासितांच्या छावणीचा इतिहास आजवर बहुधा दोन ठिकाणांहून लिहिला गेला आहे. एक म्हणजे जेथून शिधा, तंबू आणि ओळखपत्रे वाटली गेली ती कचेरी, आणि दुसरे म्हणजे ज्या राजकीय घटनेने माणसे घराबाहेर काढली ती घटना. या दोन्ही प्रकारच्या लेखनात छावणीतले कुटुंब येते ते आकड्याच्या किंवा व्यथेच्या रूपात; पहाटे पाणी कोणी भरले, एका खोलीत सासू, सून आणि तान्हे मूल कसे सामावले, मुलीचे लग्न कशाच्या बळावर ठरले, आजोबांची लिपी नातवाला कोणी शिकवली किंवा का शिकवली नाही, हे प्रश्न मात्र किरकोळ समजून बाजूला राहतात. प्रस्तुत ग्रंथ नेमक्या याच प्रश्नांना केंद्रस्थानी ठेवतो. छावणी शासन उभारते, परंतु तिला जगण्याजोगे रूप देते ते कुटुंब; आणि ती छावणी पुढे नगर होते की पिढ्यान्‌पिढ्या छावणीच राहते, हे कुटुंबाच्या कष्टांपेक्षा त्याच्या पदरी पडलेल्या हक्कांवर ठरते, अशी या ग्रंथामागची भूमिका आहे.

विषयात शिरण्यापूर्वी काही संज्ञा स्पष्ट करणे आवश्यक आहे. संयुक्त राष्ट्रांच्या १९५१ च्या करारानुसार वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, सामाजिक गट किंवा राजकीय मत यांमुळे छळ होण्याच्या रास्त भीतीने जी व्यक्ती स्वदेशाबाहेर आहे आणि परत जाऊ शकत नाही, ती निर्वासित. भारताने या करारावर सही केलेली नाही, आणि फाळणीनंतर आलेल्या लोकांसाठी येथील कायद्यांनी ‘विस्थापित व्यक्ती’ अशी वेगळी संज्ञा वापरली. धरण, भूकंप किंवा दंगल यांमुळे देशातल्या देशात घर गमावलेल्यांना अंतर्गत विस्थापित म्हटले जाते. छावणी म्हणजे तात्पुरत्या निवासासाठी नेमून दिलेली आणि नोंदणी व वाटप यांवर चालणारी वसाहत. कुटुंब ही संज्ञा येथे एका चुलीवर जेवणाऱ्या माणसांचा गट या अर्थाने घेतली आहे, कारण शिधापत्रिकेवरचे कुटुंब आणि चुलीभोवतीचे कुटुंब ही छावणीत पुष्कळदा एक नसतात. वाटेत आईबाप गमावलेले शेजाऱ्याचे मूल, विधवा आत्या, गावाकडच्या ओळखीवर सोबत आलेला वृद्ध अशी माणसे कागदावर कोठेही नसली तरी पंगतीत असतात.

महाराष्ट्रात या विषयाचे सर्वांत मोठे उदाहरण कल्याणजवळचे आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात तेथे लष्कराची संक्रमण छावणी उभारण्यात आली होती आणि युद्ध संपल्यावर तिच्या बराकी मोकळ्या झाल्या होत्या. ६ जानेवारी १९४८ रोजी कराचीत दंगल उसळल्यानंतर सिंधमधील हिंदूंच्या स्थलांतराला वेग आला, आणि बोटींनी मुंबई बंदरात उतरलेल्या कुटुंबांपैकी सुमारे एक लाख माणसे या छावणीत आणली गेली. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल चक्रवर्ती राजगोपालाचारी यांनी या वसाहतीला शेजारच्या उल्हास नदीवरून उल्हासनगर हे नाव दिले. तरीही तेथील पत्ता आजसुद्धा ‘कॅम्प नंबर एक’ ते ‘कॅम्प नंबर पाच’ असाच सांगितला जातो. पुण्याजवळ पिंपरी, नाशिकजवळ देवळाली, तसेच मुंबईत चेंबूर, मुलुंड आणि शीव कोळीवाडा येथेही सिंधी व पंजाबी कुटुंबांच्या अशाच छावण्या किंवा वसाहती झाल्या.

बराक ही सैनिकांसाठी, म्हणजे संसार सोबत नसलेल्या पुरुषांसाठी बांधलेली वास्तू होती, ही बाब या अभ्यासात फार महत्त्वाची आहे. लांबच लांब दालनात गोणपाटाचे किंवा जुन्या साड्यांचे पडदे लावून कुटुंबांनी आपापले चौकोन आखले, आणि त्या पडद्याच्या अल्याड-पल्याड बाळंतपण, आजारपण, अभ्यास, भांडण आणि मृत्यू हे सारे घडत राहिले. सिंधमध्ये अंगणाच्या घरात राहिलेल्या स्त्रियांना सार्वजनिक नळाच्या आणि संडासाच्या रांगेत प्रथमच अनोळखी पुरुषांसमोर उभे राहावे लागले. पुरुषांचा जमलेला व्यापार आणि जमिनी मागे राहिल्यामुळे घर चालवण्याचा भार स्त्रिया व मुले यांच्यावरही आला. पापड, लोणची, शिवणकाम घरात होऊ लागले आणि तो माल लोकल गाड्यांतून व दारोदार विकला जाऊ लागला. आज सिंधी पापड हा बाजारातला प्रसिद्ध जिन्नस आहे, परंतु त्याच्यामागे बराकीतल्या एका खाटेवर पसरलेला गृहोद्योग आहे, हे क्वचितच लक्षात घेतले जाते.

संसाराची दुसरी बाजू नातेसंबंधांची होती. सिंधी समाजात अमील म्हणजे प्रामुख्याने नोकरदार व शिक्षित वर्ग आणि भाईबंद म्हणजे व्यापारी वर्ग यांच्यात सोयरिकीचे जुने संकेत होते, आणि ‘देती-लेती’ नावाने ओळखली जाणारी हुंड्याची प्रथाही होती. छावणीत मालमत्ता, वस्ती आणि प्रतिष्ठा या तिन्हींची उलथापालथ झाल्यावर लग्ने कोणत्या आधारावर जुळवायची, हा प्रश्न प्रत्येक घरापुढे उभा राहिला. भाषेचे दुखणे त्याहून लांब चालले. सिंधीसाठी अरबी वळणाची लिपी ठेवावी की देवनागरी घ्यावी, हा वाद विद्वानांच्या सभांत होत असताना घराघरात मुले मराठी, हिंदी व इंग्रजी शाळांकडे वळत होती. १० एप्रिल १९६७ रोजी सिंधी भाषेचा घटनेच्या आठव्या अनुसूचीत समावेश झाला, तोपर्यंत स्वयंपाकघरात सिंधी बोलणारी पण ती वाचू न शकणारी एक पिढी मोठी झाली होती. साई भाजी, कोकी, दाल-पकवान यांची चव आणि चेटीचंडचा सण टिकला, कारण त्यांचे शिक्षण चुलीपाशी होत होते. लिपीला मात्र शाळा लागते, आणि शाळेची निवड पोटापाण्याच्या हिशेबाने होत होती.

कोल्हापूरजवळील वळिवडे येथील छावणी या विषयाला वेगळीच खोली देते. १९४० पासून सोव्हिएत राजवटीने पूर्व पोलंडमधील लाखो माणसांना सैबेरिया व कझाकस्तानात पाठवले. पोलंड व सोव्हिएत संघ यांच्यातील १९४१ च्या करारानंतर त्यांतील काहींची सुटका झाली आणि १९४२ मध्ये ती इराणमार्गे बाहेर पडली. त्यांतील मुलांचा एक मोठा गट नवानगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांनी जामनगरजवळ बालाचडी येथे ठेवून घेतला, तर १९४३ पासून सुमारे ५ हजार पोलिश निर्वासितांसाठी वळिवडे येथे वसाहत झाली. पुरुष बव्हंशी युद्धावर असल्यामुळे ही वसाहत प्रामुख्याने स्त्रियांची व मुलांची होती. शाळा, चर्च, दवाखाना, बालवीर पथके आणि नाटके यांच्या साहाय्याने या मातांनी पंचगंगेच्या खोऱ्यात पोलंडची भाषा व पंचांग जिवंत ठेवले. मात्र येथला प्रत्येक संसार परतीच्या किंवा पुढच्या प्रवासाच्या प्रतीक्षेत होता, आणि १९४८ पर्यंत ही कुटुंबे ब्रिटन, पोलंड व अन्य देशांत निघून गेली. त्यानंतर त्याच जागेत सिंधी निर्वासित आले आणि तेथे गांधीनगर वसले, जे आज कापडाच्या घाऊक बाजारपेठेसाठी ओळखले जाते. एकाच जागेवर पाठोपाठ दोन निर्वासित समाज राहिले. एकाने ती जागा सोडली आणि दुसऱ्याने तिचे गाव केले. हा फरक दोन समाजांच्या स्वभावातला नाही, तर त्यांच्यापुढे खुल्या असलेल्या वाटांतला आहे.

विदर्भाच्या पूर्व टोकाला आणखी दोन अनुभव आहेत. पूर्व पाकिस्तानातून आलेल्या बंगाली कुटुंबांना १९५८ साली सुरू झालेल्या दंडकारण्य पुनर्वसन प्रकल्पाच्या काळात आणि विशेषतः १९६४ नंतर तत्कालीन चांदा जिल्ह्यातही वसवण्यात आले. आज ही गावे मुख्यतः गडचिरोली जिल्ह्यातील चामोर्शी व मुलचेरा या तालुक्यांत आहेत, आणि चंद्रपूर शहरातील एक वस्ती अजून ‘बंगाली कॅम्प’ म्हणून ओळखली जाते. भात, मासे आणि पाणथळ भूमीची सवय असलेल्या या कुटुंबांना जंगलातील कोरडी जमीन मिळाली, आणि ती जमीन ज्यांच्या वहिवाटीच्या जंगलात होती त्या गोंड व माडिया समाजाशी नवे, अनेकदा ताणाचे संबंध निर्माण झाले. पश्चिमेकडून आलेल्या निर्वासितांना १९५४ च्या कायद्याने मागे राहिलेल्या मालमत्तेची भरपाई मिळू शकली; पूर्वेकडून आलेल्यांना तशी भरपाई मिळाली नाही. त्यांतील अनेकजण नमशूद्र या दलित जातीचे असूनही महाराष्ट्रात तिची अनुसूचित जातींत नोंद नसल्याचा प्रश्न त्यांच्या मुलांच्या शिक्षणाशी अजून जोडलेला आहे. गोंदिया जिल्ह्यातील प्रतापगड-गोठणगाव परिसरात १९७२ मध्ये स्थापन झालेली नोर्ग्येलिंग ही तिबेटी वसाहत आणखी वेगळ्या प्रकारची आहे. शेती आणि हिवाळ्यात शहरोशहरी फिरून लोकरी कपड्यांची विक्री यांवर तेथील घरे चालतात, आणि या हंगामी फिरतीमुळे आजी-आजोबांकडे वाढणारी मुले हे त्या कुटुंबजीवनाचे एक ठळक वैशिष्ट्य ठरते.

हा ग्रंथ छत्रपती संभाजीनगरातून सिद्ध होत आहे, याला काही अर्थ आहे. मराठवाडा १९४८ पर्यंत हैदराबाद संस्थानात होता. रझाकार या निजामाच्या पाठीराख्या सशस्त्र दलाच्या अत्याचारांमुळे असंख्य हिंदू कुटुंबांनी सीमा ओलांडून मुंबई प्रांतात व मध्य प्रांतात आसरा घेतला. आणि १३ ते १७ सप्टेंबर १९४८ च्या भारतीय लष्कराच्या ‘पोलीस कारवाई’नंतर उस्मानाबाद, बीदर, नांदेड या भागांत मुस्लिम कुटुंबांवर सूड उगवला गेला. पंडित सुंदरलाल यांच्या समितीने, दीर्घकाळ अप्रकाशित राहिलेल्या आपल्या अहवालात, या दुसऱ्या हिंसेत २७ हजार ते ४० हजार माणसे मारली गेल्याचा अंदाज नोंदवला. या दोन्ही दुःखांत विधवा स्त्रियांनी नातलगांच्या घरी, अनोळखी गावांत पुन्हा संसार उभे केले, परंतु त्या कथा फारशा लिहिल्या गेल्या नाहीत. याच शहराने फाळणीनंतर सिंधी कुटुंबेही सामावून घेतली आणि त्यांच्या वस्तीचे ‘सिंधी कॉलनी’ हे नाव आजही प्रचारात आहे. पुढे जायकवाडी धरणाच्या नाथसागर जलाशयाने गोदाकाठची गावे उठवली, ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपानंतर लातूर-उस्मानाबाद भागातील ५२ गावांचे स्थलांतर झाले व त्याआधी कुटुंबांनी पत्र्याच्या शेडमध्ये दिवस काढले, आणि दुष्काळात चारा छावण्यांत जनावरांसोबत माणसांनीही मुक्काम केला. ही माणसे कायद्याच्या अर्थाने निर्वासित नव्हती. पण तात्पुरत्या निवाऱ्यात कायमचे आयुष्य रेटण्याचे कौशल्य काय असते, हे मराठवाड्याला बाहेरून शिकावे लागत नाही.

या साऱ्या अनुभवांशेजारी पॅलेस्टिनी छावण्या ठेवून पाहिल्या की महाराष्ट्राचे चित्र अधिक स्पष्ट होते. काळ जवळपास तोच आहे. १९४८ च्या अरब-इस्रायल युद्धात ७ लाखांहून अधिक पॅलेस्टिनी आपल्या गावांतून बाहेर पडले. डिसेंबर १९४९ मध्ये त्यांच्यासाठी संयुक्त राष्ट्रांची स्वतंत्र मदतसंस्था निर्माण झाली, आणि तिचे काम मे १९५० मध्ये सुरू झाले. जॉर्डन, लेबनॉन, सीरिया, पश्चिम किनारा आणि गाझा यांत त्यांच्या ५८ मान्यताप्राप्त छावण्या आहेत. बैरूतजवळची शतिला, बेथलेहेमजवळची धैशेह, गाझातली जबालिया या छावण्यांत आधी तंबू, मग सिमेंटच्या ठोकळ्यांच्या एक-दोन खोल्या, आणि मुलगा लग्नाचा झाला की त्याच खोलीवर चढवलेला आणखी एक मजला, अशी घरांची वाढ झाली. गावची माणसे शेजारी राहिली आणि गल्ल्यांना व मोहल्ल्यांना मागे राहिलेल्या गावांची नावे पडली. आजीने जपलेली घराची किल्ली ही पुढे संपूर्ण समाजाची खूण झाली. उल्हासनगरच्या बराकीतील स्त्रीने आणि शतिलाच्या खोलीतील स्त्रीने केलेले काम पाहिले, तर पाण्याची रांग, शिध्याचा हिशेब, मुलांच्या शाळेचा आग्रह आणि सोयरिकीची चिंता यांत तसूभर फरक नाही.

फरक आहे तो दर्जाचा. सिंधी कुटुंबांना भारताचे नागरिकत्व मिळाले, मतदानाचा हक्क मिळाला, भरपाईची वाट मिळाली, आणि व्यवसायावर किंवा राहण्याच्या ठिकाणावर कायमचे बंधन राहिले नाही. पॅलेस्टिनींपैकी जॉर्डनमधील बहुतेकांना नागरिकत्व मिळाले. लेबनॉनमधील बहुसंख्यांना मात्र ते मिळाले नाही, वैद्यकी व वकिलीसारखे अनेक व्यवसाय त्यांच्यासाठी बंद राहिले आणि २००१ च्या कायद्याने स्थावर मालमत्ता घेण्याचा मार्गही बंद झाला. परतीचा प्रश्नही दोहोंकडे सारखा नाही : सिंधी कुटुंबांनी परतीची आशा लवकर सोडली, तर पॅलेस्टिनी समाजासाठी १९४८ च्या संयुक्त राष्ट्रांच्या ठरावातून आलेला परतीचा हक्क हा आजही जिवंत दावा आहे, आणि म्हणून तेथे घर पक्के करणे हेसुद्धा हा दावा सोडल्याची खूण तर ठरणार नाही ना, असा पेच अनेक कुटुंबांना पडत आला. उल्हासनगरच्या यशाचे श्रेय केवळ ‘सिंधी उद्यमशीलते’ला देणे म्हणूनच अपुरे आहे. उद्यमशीलता शतिलातही आहे. तिला दुकानाचा परवाना आणि जागेची सनद मिळाली नाही.

या विषयाच्या अभ्यासात स्थूलमानाने चार प्रवाह दिसतात. पहिला प्रशासकीय आहे, यू. भास्कर राव यांचा पुनर्वसनावरील १९६७ चा ग्रंथ हे त्याचे प्रातिनिधिक उदाहरण, आणि त्यात कुटुंब हे लाभार्थी म्हणून येते. दुसरा समाजशास्त्रीय व मानववंशशास्त्रीय आहे. अमेरिकी अभ्यासक व्हिक्टर बार्नो यांनी पिंपरीच्या सिंधी निर्वासितांच्या समाजरचनेवर १९५४ मध्येच लिहिले होते. पुढे लिसा माल्की यांनी टांझानियातील हुतू निर्वासितांच्या अभ्यासातून (१९९५) छावणी ही इतिहास व ओळख नव्याने घडवणारी जागा असते, हे दाखवून दिले, तर मिशेल आजिये यांनी छावण्यांचे हळूहळू शहरांत होणारे रूपांतर अभ्यासले. याउलट इटालियन तत्त्वज्ञ जॉर्जो आगाम्बेन यांनी छावणीकडे हक्क काढून घेतलेल्या, केवळ जिवंत ठेवलेल्या माणसांची जागा म्हणून पाहिले. त्यांच्या मांडणीवर मुख्य आक्षेप असा की तिच्यात छावणीतल्या माणसांचे स्वतःचे कर्तृत्व दिसेनासे होते.

तिसरा प्रवाह स्त्रीवादी मौखिक इतिहासाचा आहे. मौखिक इतिहास म्हणजे ज्यांच्या आयुष्याची लेखी नोंद नाही त्यांच्या कथनांतून, पडताळणीसह उभा केलेला इतिहास. उर्वशी बुटालिया यांचा ग्रंथ तसेच रितू मेनन व कमला भसीन यांचा ग्रंथ, दोन्ही १९९८ चे, फाळणीचा इतिहास घराच्या उंबऱ्याच्या आत घेऊन गेले. शासनदप्तरात पुरुष पालक नसलेल्या स्त्रियांसाठी वेगळा वर्ग का करण्यात आला आणि त्याचे परिणाम काय झाले, हे त्यांच्यामुळे चर्चेत आले. पॅलेस्टिनी छावण्यांबाबत रोझमेरी सायिघ यांनी १९७० च्या दशकापासून लेबनॉनमधील स्त्री-पुरुषांची कथने गोळा केली. ज्यूली पीटीट यांनी छावणी ही जागा म्हणून कशी घडते ते मांडले. आणि डायना ॲलन यांनी २०१४ च्या शतिलाविषयीच्या ग्रंथात, राष्ट्रीय लढ्याच्या भाषेआड वीज, कर्ज, औषध आणि लग्न यांचे रोजचे प्रश्न झाकले जातात, असा धाडसी मुद्दा पुढे आणला. चौथा प्रवाह प्रादेशिक आहे : सुभद्रा आनंद (१९९६), रिटा कोठारी (२००७) आणि नंदिता भवनानी (२०१४) यांनी सिंधी विस्थापनाचा, तर उदिती सेन (२०१८) यांनी बंगाली निर्वासितांच्या पुनर्वसनाचा सखोल अभ्यास केला. हे बहुतेक लेखन इंग्रजीत आहे. मराठीत धरणग्रस्तांवर विश्वास पाटील यांच्या ‘झाडाझडती’सारखी कादंबरी आहे, परंतु महाराष्ट्राच्या भूमीवर पाऊण शतकापासून असलेल्या निर्वासितांच्या घरांचे सलग चित्र मराठी वाचकाला मिळालेले नाही, ही उणीव खरोखर खटकणारी आहे.

हा विषय आज तातडीचा झाला आहे. ऑक्टोबर २०२३ पासून गाझातील जवळपास सर्व लोकसंख्या एकदा किंवा अनेकदा विस्थापित झाली, आणि २०२५ च्या आरंभी पश्चिम किनाऱ्यावरील जेनिन, तुलकरम व नूर शम्स या छावण्यांतून हजारो कुटुंबांना पुन्हा घर सोडावे लागले. म्हणजे छावणी हरवलेल्यांचीही आता छावणी आहे. भारतात नागरिकत्व दुरुस्ती कायदा २०१९ मध्ये झाला व त्याचे नियम २०२४ मध्ये आले, त्यामुळे कोण निर्वासित आणि कोण घुसखोर हा वाद पुन्हा उफाळला आहे. अशा वादात माणसे पटकन गठ्ठ्याने मोजली जातात. त्यांच्या संसारांची माहिती असलेला समाज तसे करताना निदान थबकतो, आणि म्हणून ही माहिती मिळवणे हे केवळ विद्यापीठीय काम राहत नाही.

प्रस्तुत ग्रंथ राजकीय इतिहासाला पर्याय देण्याचा दावा करत नाही, तसेच छावणीतील कुटुंबाचे गौरवीकरणही करत नाही. एकाच खोलीत दाटीने राहणाऱ्या घरांत आधार असतो, तसा जाचही असतो. सुनेवरचा भार, मुलींची लवकर लावलेली लग्ने, बेकारीने खचलेल्या पुरुषाचा घरात निघणारा राग यांकडे येथे डोळेझाक केलेली नाही. ज्या गावकऱ्यांच्या व आदिवासींच्या जमिनींवर या वसाहती उभ्या राहिल्या त्यांची बाजूही याच चित्राचा भाग मानली आहे. पाणी, चूल, शिधा, शाळा, सोयरीक, आजारपण आणि स्मृती या रोजच्या व्यवहारांच्या अंगाने उल्हासनगर, गांधीनगर, मुलचेरा, गोठणगाव आणि शतिला यांना एकमेकांशेजारी ठेवून वाचण्याचा हा प्रयत्न आहे. तुलनेचा हेतू दुःखाची प्रतवारी लावण्याचा नसून, सारख्या कष्टांना वेगवेगळी फळे का येतात हे समजून घेण्याचा आहे.

१९४८ साली दहा वर्षांची असलेली मुलगी आज नव्वदीच्या उंबरठ्यावर आहे, आणि तिच्या आठवणींची दुसरी प्रत कोणत्याही दप्तरात नाही. ज्या वाचकांच्या घरात किंवा शेजारात कल्याणच्या बराकीतून, गोदाकाठच्या बुडालेल्या गावातून, किल्लारीच्या शेडमधून किंवा हैदराबाद संस्थानातील पळापळीतून आलेली वडीलधारी माणसे आहेत, त्यांनी हा ग्रंथ वाचून झाल्यावर त्या माणसांजवळ बसावे, त्यांना तारखांपेक्षा स्वयंपाकाविषयी, पाण्याविषयी, लग्नांविषयी विचारावे आणि जे ऐकायला मिळेल ते नाव, गाव, सालासह लिहून ठेवावे. हे काम पुढच्या पिढीवर सोपवता येणार नाही, कारण सांगणारी माणसे तोपर्यंत उरणार नाहीत.

छत्रपती संभाजीनगर